दुसरा फोन यायला हवा

सहकलाकाराला पहिलं काम नशिबानेही मिळतं. ठरलेला नट तापाने आडवा होतो. नाहीतर तुमचं नाक नायिकेच्या नाकासारखं असतं, म्हणून तुम्ही तिचे वडील होता. सहा महिन्यांनी त्याच माणसाचा पुन्हा फोन येतो का, यावर पुढचं सगळं अवलंबून असतं. नायकाचं नाव पोस्टरवर असतं. आपलं असतं प्रॉडक्शनमधल्या कुणाच्या तरी मोबाइलमध्ये, 'मामा – उंच' किंवा 'हवालदार – मिशी' असं सेव्ह केलेलं. रात्री अकराला तो माणूस ती यादी वरखाली करत असतो, कारण सकाळी सातला त्याला एक तलाठी उभा करायचा असतो.

वीसेक वर्षं मी असे तलाठी, मुनीम, हेडमास्तर आणि नायिकांचे बाप केले. नाव सांगून तुम्हाला पत्ता लागणार नाही. चेहरा पाहिलात तर 'अरे, हे ते ना...' म्हणाल आणि पुढचं आठवणार नाही. त्या अर्धवट वाक्यावर आमचं घर चालतं. नवीन मुलं भेटली की विचारतात, 'सर, ऑडिशन कुठे असतात?' प्रश्न चुकीचा नाही, पण तो तिसऱ्या-चौथ्या पायरीवरचा आहे. म्हणून जरा अलीकडून सुरुवात करतो.

आधी एक गोंधळ मिटवू

लग्नाच्या सीनमधली पंगत, कोर्टात मागच्या बाकांवर बसलेली माणसं, स्टेशनवरची गर्दी ही ज्युनिअर आर्टिस्टची कामं. त्यांचे पुरवठादार वेगळे, दर वेगळे, संघटनाही वेगळी. काम मेहनतीचं आहे, त्यात कमीपणा काही नाही. पण 'गर्दीत उभं राहू, कुणीतरी हेरेल' या आशेवर वर्षं घालवू नका. सेटवर तुमची ओळख एकदा 'मॉबमधला' अशी झाली की तोच एडी, म्हणजे सहाय्यक दिग्दर्शक, तुम्हाला चार वाक्यांचा वकील म्हणून बघायला सहसा तयार होत नाही. सहकलाकार म्हणजे ज्याच्या पात्राला कथेत काहीतरी करायचं असतं. निरोप आणायचा असतो, लग्न मोडायचं असतं, खोटी साक्ष द्यायची असते. एका सीनचं काम असलं तरी ते भूमिकेचं काम.

पायरी १: आपण कोण दिसतो, ते परक्यांना विचारा

घरच्यांना विचारू नका. आईला तुम्ही नायकच दिसता. ओळख जेमतेम असलेल्या पाच जणांना विचारा, 'मी एसटीत शेजारी बसलो असतो तर काय काम करतो असं वाटलं असतं?' मला तीन जणांनी 'पतसंस्थेत असाल' असं सांगितलं होतं. दोन दिवस वाईट वाटलं. मग पुढची दहा वर्षं मी कुठल्या ना कुठल्या टेबलामागे बसून कमावली.

नव्या मुलांना साच्यात अडकण्याची फार भीती वाटते. पण साचा मोडण्याआधी निदान एका साच्यात तरी बसावं लागतं. निळू फुले पुण्याच्या आर्म्ड फोर्सेस मेडिकल कॉलेजात माळीकाम करत होते, राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकातून पुढे आले आणि १९६८ च्या 'एक गाव बारा भानगडी'ने पडद्यावर पोहोचले. नंतर वर्षानुवर्षं त्यांनी पाटील-सरपंच केले. पण १९७२ मध्ये रंगमंचावर 'सखाराम बाइंडर' उभा करणारेही तेच होते. ललिता पवारांची गोष्ट आणखी कठोर आहे. १९४२ मध्ये एका चित्रीकरणात बसलेल्या थपडेने चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, डोळा कायमचा अधू झाला आणि नायिकेच्या भूमिका संपल्या. त्यानंतर खाष्ट सासू म्हणून त्या घराघरांत पोहोचल्या आणि १९८७ च्या दूरदर्शनवरच्या 'रामायणा'त मंथराही त्यांनीच केली. तो अधू डोळा देशभर ओळखीचा झाला होता.

बोलीचंही असंच. मालवणी, वऱ्हाडी, अहिराणी, आगरी, कोल्हापुरी, जी घरात बोलत असाल ती घासून पुसून टाकू नका. प्रमाण मराठी स्पष्ट यायलाच हवी, पण बोलीतला एक खराखुरा माणूस हवा असतो तेव्हा शिकून बोलणारे दहा जण बाजूला पडतात.

पायरी २: जिथे कुणी पैसे देत नाही, तिथे शिका

कॉलेजात असाल तर एकांकिका स्पर्धा सोडू नका. पुण्यात महाराष्ट्रीय कलोपासकची पुरुषोत्तम करंडक १९६३ पासून चालू आहे. मुंबईत चतुरंगच्या 'सवाई' एकांकिका स्पर्धेला वर्षभरातल्या स्पर्धांमधून पहिल्या आलेल्या एकांकिका प्रजासत्ताक दिनाच्या आदल्या रात्री एकमेकींसमोर उभ्या राहतात. प्रेक्षागृहात ती रात्र एकदा तरी काढाच. आरडाओरडा करणारी मुलं तिथेच एखाद्या शांत प्रसंगाला चिडीचूप होतात, आणि आपल्याला काय यायला हवं हे तेव्हा कळतं. नोकरीत असाल, वय चाळीस असेल, तर राज्य नाट्यस्पर्धेच्या हौशी केंद्रावर उतरणाऱ्या एखाद्या संस्थेत शिरा. हौशी संस्थांना तरुण मिळतात, वडील, आजोबा, मामी मिळत नाहीत. ते तुमच्या फायद्याचं आहे.

मुंबई-पुण्याबाहेर आहात म्हणून हात बांधलेले नाहीत. गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदिया भागातली झाडीपट्टी रंगभूमी ही तिकीट लावून चालणारी व्यावसायिक रंगभूमी आहे. दिवाळीनंतर उन्हाळा लागेपर्यंतचा तिचा हंगाम, वडसा हे तिचं मुख्य ठाणं, आणि नाटक रात्री सुरू होतं ते पहाटेपर्यंत. तिथले परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. एका हंगामात रोज वेगळ्या गावात, थंडीत, उघड्यावरच्या प्रेक्षकांपर्यंत आवाज पोहोचवणारा नट शहरातल्या वर्कशॉपला काय घाबरणार? गोव्यात देवळांच्या जत्रांना होणारी उत्सवी नाटकं आहेतच. तिथे तर प्रेक्षकांतले निम्मे स्वतः कधीतरी तोंडाला रंग लावून उभे राहिलेले असतात, त्यामुळे चूक लपत नाही.

रीतसर शिक्षण हवं असेल तर पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र, मुंबई विद्यापीठाची अकादमी ऑफ थिएटर आर्ट्स आणि दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय. 'तीन महिन्यांत मालिकेत हमखास काम' असं सांगणाऱ्या क्लासला पैसे देण्यापेक्षा त्या पैशांची नाटकांची तिकिटं काढा.

पायरी ३: रिप्लेसमेंट

या पायरीवर मी थोडा रेंगाळणार आहे, कारण व्यावसायिक नाटकाचं मागचं दार हेच आहे आणि त्याबद्दल कुणी नीट सांगत नाही.

नाटक चालायला लागतं. त्यातल्या पोलिसाला किंवा शेजाऱ्याला मालिका मिळते, तारखा जुळेनाशा होतात. निर्मात्याला शनिवारी गडकरी रंगायतनला प्रयोग आहे आणि आज मंगळवार आहे. अशा वेळी ज्याचं नाव निघतं तो आत. हे नाव निघावं म्हणून त्या वर्तुळात दिसावं लागतं. बॅकस्टेजला काम करा, संगीत ऑपरेट करा, प्रॉम्प्टिंग करा. मी सव्वा वर्ष एका नाटकाचं कपडेपट सांभाळलं. सगळ्यांचे संवाद पाठ झाले होते, मला कुणी सांगितलं नव्हतं तरी.

रिप्लेसमेंट मिळाली की सहसा संहिता, प्रयोगाचं एक जुनं रेकॉर्डिंग आणि दोन-तीन तालमी, एवढंच हातात येतं. त्यातली एखादी तालीम नायकाशिवाय होते. मग काय करायचं?

पहिल्या रात्री नवीन काही सुचवायचं नाही. आधीचा नट जिथे उभा राहायचा तिथे उभं राहायचं, कारण प्रकाश तिथे आहे आणि समोरच्याची मान त्या दिशेला वळायची सवय आहे. संवादांबरोबर हशांच्या जागा पाठ करा. संहितेच्या समासात पेन्सिलीने लिहा, 'इथे हशा, थांबणे', 'इथे टाळी, पण त्याची'. दुसऱ्याच्या हशावर तोंड उघडणं हा सहकलाकाराचा सगळ्यांत मोठा गुन्हा आहे. माझ्याकडून तो पहिल्याच प्रयोगात झाला. एका ज्येष्ठ नटाच्या हमखास हशाच्या वाक्यावर मी घाईने 'हो साहेब' म्हणालो आणि सातशे माणसांचं हसू घशातच राहिलं. ते काही बोलले नाहीत. मध्यंतरात मला चहा दिला आणि म्हणाले, 'उद्या दोन मोजून बोल.' पुढच्या प्रयोगाला मी दोन मोजले. हशा आला, आणि तो विरता विरता माझ्या 'हो साहेब'लाही एक छोटा हशा आला. पाच-सहा प्रयोग असे गेले की मग हळूच स्वतःचं काही आणा, तेही समोरच्याला आधी सांगून.

पहिल्या घंटेला रंग लावून तयार असणं, तिसरी झाल्यावर विंगेत न बोलणं, दौऱ्याच्या बसमध्ये खिडकीसाठी न भांडणं हे लिहायची गरज पडू नये. पण पडते.

पायरी ४: फोटो, क्लिप आणि सावधगिरी

पोर्टफोलिओवर भरमसाट खर्च करू नका. मोकळी भिंत, सकाळचा उजेड, साधा शर्ट किंवा साडी. समोरून, दोन्ही बाजूंनी, आणि पायापर्यंत पूर्ण. गॉगल नको, फिल्टर नको. कास्टिंगवाल्याला तुमचे डोळे आणि टक्कल दोन्ही बघायचं असतं. दाढी-मिशी असेल तर तिच्यासकट आणि तिच्याशिवाय. सोबत मिनिटभराची क्लिप: नाव, उंची, राहतं शहर, येणाऱ्या भाषा-बोली. ट्रॅक्टर चालवता येतो, पोहता येतं, भजन म्हणता येतं, नऊवारी स्वतः नेसता येते, यातलं जे खरं असेल ते सांगा. 'घोडेस्वारी येते' अशी थाप मारणाऱ्याला मी घोड्यावरून उतरवताना पाहिलं आहे. तीन माणसं लागली.

मुंबईत वर्सोव्याच्या आरामनगरात ऑडिशनची बरीच ऑफिसं आहेत. मराठी मालिकांची बोलावणी मात्र बहुतेक व्हॉट्सॲपवरून येतात आणि क्लिप घरून पाठवायची असते. चित्रीकरण मुंबई-ठाण्यातच होईल असंही नाही. कोल्हापूर, सातारा, नाशिक भागात कित्येक मालिका झाल्या आहेत. तिथल्या स्थानिक नटांना काम मिळतं, कारण त्यांच्या राहण्याचा खर्च वाचतो.

ऑडिशनसाठी पैसे द्यायचे नसतात. नोंदणी फी, कार्ड फी, 'चॅनेलमध्ये द्यावे लागतात' असं काहीही कानावर आलं की फोन ठेवा. भेट ऑफिसात, दिवसाउजेडी. मुलींनी पहिल्या भेटीला कुणाला तरी सोबत न्यावं. त्यावर नाक मुरडणाऱ्याकडे कामच करायचं नसतं.

पायरी ५: ऑडिशनला पात्राचं स्वतःचं काम घेऊन जा

समजा, सीन असा आहे: बँकेचा कारकून नायकाला सांगतो की खात्यात पैसे नाहीत. चाळीस जण येतात आणि चाळीसही जण खलनायकी हसून किंवा दया दाखवून ते वाक्य म्हणतात. त्या कारकुनाला नायकाच्या दुःखाशी काय देणंघेणं? दुपारचे अडीच वाजलेत, डबा उघडायचा राहिलाय, मागे रांग आहे. त्याला हा माणूस खिडकीतून हलायला हवा आहे. एवढं मनात धरून म्हणा. नायक आपोआप एकटा दिसतो, आणि सीनचा हेतू तोच तर होता.

१९८३ च्या 'अर्धसत्य'मध्ये सदाशिव अमरापूरकरांना वेळ किती थोडा आहे ते मोजून पाहा. नगरहून आलेला, मराठी रंगभूमीवर घासलेला हा नट. त्यांचा रामा शेट्टी आवाज चढवत नाही. स्वतःच्या घरात बसलेल्या माणसासारखा तो निवांत असतो आणि समोरचा इन्स्पेक्टर अवघडतो. सहाय्यक अभिनेत्याचं फिल्मफेअर त्यांना त्याच कामासाठी मिळालं.

पायरी ६: सेटवर

मालिकेचा सीन बहुतेक वेळा त्याच दिवशी, कधी मेकअप चालू असताना हातात येतो. त्यामुळे झटपट पाठांतराची सवय घरीच लावा. रोज वर्तमानपत्रातला अर्धा रकाना पाठ करून म्हणून दाखवा. शिफ्ट बारा तासांची. त्यात तुमचं काम दीड तासाचं असू शकतं. उरलेला वेळ थांबण्याचा. मी म्हणतो, अभिनय फुकट, पैसे थांबण्याचे.

आधी मास्टर लागतो, म्हणजे सगळे एका फ्रेममध्ये. मग एकेकाच्या चेहऱ्याचे क्लोज. मास्टरमध्ये जे कराल ते प्रत्येक शॉटला, त्याच शब्दावर, पुन्हा करावं लागतं. याला कंटिन्यूइटी म्हणतात, आणि ती मी दिवाळीच्या एका सीनमध्ये शिकलो. मास्टरला हौसेने लाडू खाल्ला. कुटुंब मोठं होतं, सगळ्यांचे क्लोज झाले, दोनदा लाइट गेली. संध्याकाळपर्यंत नऊ लाडू झाले. तेव्हापासून माझी पात्रं फक्त पेला हातात धरतात, पीत नाहीत. नवीन असाल तर हातांना एकच साधी गोष्ट द्या आणि कोणत्या शब्दावर काय केलं ते टिपून ठेवा.

आता दुसऱ्या फोनचं खरं रहस्य, जर त्याला रहस्य म्हणायचं असेल तर. नायिकेचा क्लोज लागतो तेव्हा तुम्ही कॅमेऱ्यामागे असता. पुष्कळ जण तेव्हा मोबाइल बघतात आणि एडी त्यांची वाक्यं सपाट वाचून दाखवतो. तुम्ही उभे राहा. तिच्या नजरेच्या रेषेत, कॅमेऱ्याला अगदी लागून, आणि मास्टरला ओतला होता तेवढाच जीव ओतून क्यू द्या, म्हणजे तुमची वाक्यं बोला. तुम्ही दिसणार नाही, तुमचा आवाजही कदाचित वापरला जाणार नाही. पण तिचं रडणं खरं येईल, आणि तिला ते लक्षात राहील. दोन दिवसांसाठी बोलावलेला माझा एक मामा अशाच कारणाने सात महिने राहिला. नायिकेनेच लेखकांना विचारलं होतं, 'मामांचं पुढे काय?'

मेकअप दादा, स्पॉट दादा, हेअरच्या ताई यांच्याशी नीट वागा. यात धोरणही आहे. ही माणसं एका सेटवरून दुसऱ्या सेटवर जातात आणि तुमच्याबद्दलची बातमी तुमच्याआधी तिथे पोहोचते.

पायरी ७: पैसे

इथे आपले लोक लाजतात. लाजू नका. होकार देण्याआधी चार गोष्टी विचारा: दिवसाचा दर किती, महिन्याला कमीत कमी किती दिवस, येण्याजाण्याचा खर्च मिळणार का, बाहेरगावी असेल तर राहण्याची सोय कोणाची. नाटकात प्रत्येक प्रयोगाची 'नाइट', म्हणजे मानधनाची रक्कम, ठरते आणि ती बहुधा प्रयोगाच्या आसपास हातात पडते. मालिकेचे पैसे साधारण ९० दिवसांनी येतात. म्हणजे जूनमध्ये केलेल्या कामाचा गणपतीत उपयोग होईल असं धरून चालू नका. चार-पाच महिन्यांचा घरखर्च बाजूला असल्याशिवाय नोकरी सोडू नका. अच्युत पोतदार आधी सैन्यात होते, मग इंडियन ऑइलमध्ये अधिकारी. सिनेमात ते चाळिशी उलटल्यावर आले, नोकरी सांभाळत. '३ इडियट्स'मधला तो वैतागलेला प्राध्यापक त्यांनी केला तेव्हा पंचाहत्तरीच्या उंबरठ्यावर होते. या धंद्यात उशीर नावाची गोष्ट नायकांना होते.

एक वही ठेवा. तारीख, मालिका, आत किती वाजता, पॅकअप किती वाजता, कोणता सीन. महिनाअखेरीला प्रॉडक्शनला व्हॉट्सॲपवर साधा निरोप टाका: 'या महिन्यात माझे सहा दिवस झाले, बरोबर ना?' त्यांचं 'हो' हा तुमचा पुरावा. एका निर्मात्याकडे माझे तेवीस दिवस अडकले ते अडकलेच. तेव्हा वही नव्हती, आणि कुठले तेवीस हे मलाच सांगता येईना. मानधनातून साधारण १० टक्के टीडीएस कापला जातो. कमाई कमी असली तरी विवरणपत्र भरा, तो परत मिळू शकतो. कामं नियमित झाली की सिंटाचं, म्हणजे सिने-टीव्ही कलाकारांच्या संघटनेचं, सभासदत्व घ्या. थकबाकीसाठी एकट्याने फोन करण्यापेक्षा संघटनेच्या पत्राला वजन असतं.

पायरी ८: तारीख

दिलेली तारीख मोडायची नाही. शनिवारी नाटकाला दिली असेल आणि शुक्रवारी मोठ्या चित्रपटाचा फोन आला, तर आधी नाटकाच्या माणसाला विचारा. तो सोडत असेल तर जा, नसेल तर चित्रपटाला नाही म्हणा. नाही म्हणतानाही लगेच सांगा. 'बघतो, कळवतो' म्हणून दिवसभर लटकवून ठेवलेल्या माणसाच्या यादीतून नाव खाली जातं. आणि जमत नसेल तर जमणाऱ्या दुसऱ्या नटाचं नाव द्या. हे नवीन मुलांना अजिबात पटत नाही.

माझ्यासारखाच दिसणारा एक मित्र आहे. तेच वय, तेच पोट, पतसंस्थाही तीच म्हणा ना. एकदा मला मालिकेसाठी फोन आला आणि माझ्या नाटकाचे नाशिक-कोल्हापूर प्रयोग लागलेले. मी त्याचं नाव दिलं. ते काम त्याला पुढे वर्षभर पुरलं. मध्येच त्याला स्वतःच्या नाटकाच्या तारखा जमेनात. निर्मात्याने विचारलं, 'तुमच्या जागी कोण?' मंगळवारी मला फोन आला. शनिवारी प्रयोग होता.